देवीला सांगायचा पत्ता

छ्वानचौ, २६ फेब्रुवारी

दादा,

ख्यालीखुशाली मागून विचारीन. तू माझी पत्रं अर्ध्यावर वाचून बाजूला टाकतोस असं छ्यू काका सांगत होते, म्हणून कामाचं आधी लिहिते. मला तुझा पत्ता हवा आहे. तू यायला नकोस, माफी मागायला नकोस, फोनवर माझा नंबर बंद करून ठेवलायस तेही तसंच राहू दे. फक्त तू मनिलात कुठे राहतोस ते एका कागदावर लिहून काकांच्या हाती दे. चहाचे डबे न्यायला ते पुढच्या महिन्यात परत इकडे येतील तेव्हा मला मिळेल. मी त्यांना दोनदा विचारलं. त्यांनी कानावर हात ठेवले. म्हणाले, "शपथ घातलीय त्याने. पत्र नेईन-आणीन, पत्ता नाही सांगणार."

आईच्या हृदयातली एक झडप नीट मिटत नाही. चार पायऱ्या चढली की ओठ निळे पडतात. डॉक्टर म्हणतात, उन्हाळ्याच्या आत ऑपरेशन करून घ्या, पुढच्या हिवाळ्याचा भरवसा नाही. आई म्हणते, देवीला विचारल्याशिवाय मी त्या टेबलावर झोपणार नाही. आणि देवी उत्तर देत नाही.

तू विसरला असशील म्हणून सांगते. आई अजूनही दर महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या तिथीला समुद्रदेवी माझूच्या देवळात कौल लावायला जाते. तेच चंद्रकोरीसारखे दोन लाकडी तुकडे, एका अंगाने सपाट, एका अंगाने फुगीर. एक उताणा, म्हणजे सपाट अंग वर, आणि एक पालथा पडला की होकार. दोन्ही पालथे पडले की नकार. दोन्ही उताणे पडले की देवी हसली, म्हणजे विचारणाऱ्याचंच काहीतरी चुकलं. मोठ्या कामाला लागोपाठ तीन होकार लागतात. आईने ऑपरेशनचं विचारलं, देवी हसली. पुन्हा विचारलं, पुन्हा हसली. त्यानंतरच्या तिथीलाही तेच.

परवा देवळातून घरी येताना आई रस्त्यात थांबली आणि म्हणाली, "ती का हसते ते कळलं मला. प्रश्नाच्या आधी घरातल्या सगळ्यांची नावं, जन्मवेळ आणि पत्ता सांगायचा असतो. थोरल्याचं, आ-हायचं नाव मी पहिलं घेते आणि पत्ता सांगते मनिलातल्या त्या जुन्या बेकरीच्या माळ्याचा. तिथून तो कधीच गेला असेल. खोटा पत्ता देऊन खरं उत्तर मागते मी. हसेल नाहीतर काय करेल!"

मी म्हटलं, "आई, देवीला सगळं ठाऊक असतं. तिला पत्ता कशाला लागतो?"

"ठाऊक असायला ती काय पोलीस आहे? अख्खा समुद्र सांभाळायचा असतो तिला. पत्ता धड दिला नाही तर बिचारी कुठे कुठे शोधेल?"

डॉक्टरांना सांगितलं तर त्यांनी चष्मा काढून डोळे चोळले.

तू म्हणशील, आईनेच मला फोनवर सांगितलं होतं की मला मुलगा नाही. हो, सांगितलं होतं. बाबांची अंत्ययात्रा निघाली, थोरला मुलगा नाही, त्याने धरायची तांदळाची आणि उदबत्त्यांची पायली मुलीच्या हातात, आणि सगळी गल्ली दारात उभी राहून बघते आहे. त्या वेळी बाई बोलली. तुझे तिथे राहायचे कागद नव्हते, एकदा निघालास तर परत तिकडे जाता येणार नाही, हे मला माहीत होतं आणि तिलाही माहीत होतं. तरी बोलली. आणि तेव्हापासून एकही तिथी न चुकवता देवीपुढे तुझं नाव पहिलं घेते आहे, माझं दुसरं.

तुला हा डाव वाटेल. आपल्याकडे 'आई अत्यवस्थ' म्हणून तार ठोकायची आणि परदेशातला मुलगा धावत आला की त्याला बोहल्यावर चढवायचं, ही रीत जुनी आहे. पण तुला आता कोण बोहल्यावर चढवणार? पन्नाशी उलटली तुझी.

मी बरी आहे. सकाळी आईला औषध देते, दिवसभर पाहुण्यांना गाव दाखवते, संध्याकाळी आईचे पाय चेपते आणि मग माझे कोण चेपणार याचा विचार करत झोपते.

पत्ता पाठव.

आ-युन


छ्वानचौ, २५ मार्च

दादा,

हे पत्र छ्यू काकांकडे दिलेलं नाही, सरळ टपालात टाकलं आहे. त्यांच्यावर डाफरू नकोस, त्यांनी शपथ मोडलेली नाही. पत्ता कसा मिळाला ते सांगते. पण दुकानात उभ्या उभ्या वाचू नकोस, बसून वाच.

गेल्या आठवड्यात मला एक खासगी सहल आली. एक दिवस, एकच पाहुणी, सिंगापूरची ग्रेस लिम. तिने माझं नाव लिहून मलाच मागितलं होतं. मला जरा बरं वाटलं, म्हटलं नाव झालं आपलं. काल सकाळी हॉटेलवर गेले. विशीतली मुलगी, कॅनव्हासचे बूट, पाठीवर पिशवी. ती वळली आणि मला तुझा जबडा दिसला.

जबडे सारखे असू शकतात, अशी मी मनाची समजूत घातली. मग तिला नाश्त्याला पश्चिम रस्त्यावरच्या शेवयांच्या लापशीच्या टपरीवर नेलं. टपरीवाल्याशी ती आपल्या बोलीत बोलली. सिंगापूरची माणसंही आपली बोली बोलतात, पण त्यांचा हेल वेगळा. ही पोर आपल्या गल्लीतल्या म्हाताऱ्यासारखी बोलत होती. टपरीवाला हसून म्हणाला, "बाई, माझी आजी असं बोलायची. आता असं कोणी बोलत नाही." अशी बोली तिला एकाच माणसाकडून मिळणार, आणि तो माणूस इथून गेला त्या दिवशी जशी होती तशी ती बांधून घेऊन गेला. वर तिने अगदी तुझ्यासारखी वाटीतली कोथिंबीर एक एक पान वेचून कडेला लावली. तेव्हा मी मनाची समजूत घालायचं सोडून दिलं.

मी ओळख दिली नाही. मला राग आला होता, दादा. मी तुझ्याकडे पत्ता मागितला आणि तू हेर पाठवलास, आई खरंच आजारी आहे का ते बघायला. म्हटलं, ठीक आहे, तू पाहुणी तर मी गाईड.

मी तिला मोठ्या देवळातले दोन दगडी मनोरे दाखवले, सगळी माहिती दिली, एक वाक्य गाळलं नाही. ती मनोऱ्यांकडे बघतच नव्हती.

"मावशी, तुमच्या घरी कोण कोण असतं?"

"म्हातारी आई. एक भाऊ आहे, समुद्रापलीकडे. त्याला पत्र लिहिणं म्हणजे विहिरीत दगड टाकणं. पाण्याचा आवाजसुद्धा येत नाही."

"कामात असतील हो ते."

"असेल ना. आम्ही इथे सगळे झोपाच काढतो."

ती लाल झाली. मला वाईट वाटलं, पण फार नाही.

"आणि आईंना काय झालंय?"

"तुला कोणी सांगितलं आईला काही झालंय म्हणून?"

"नाही, तुम्ही म्हातारी म्हणालात ना, म्हणून."

हेरगिरी तिला जमत नाही. तुझ्यावर गेली आहे. लहानपणी तू साखर चोरायचास आणि बाबांनी काही विचारायच्या आत "मी नाही" म्हणायचास.

दुपारी आल्यातलं बदक खायला बसलो. तंगडी तिने पहिली माझ्या वाटीत घातली, आणि तीही दोन्ही हातांनी, वाकून, जसं घरातल्या मोठ्या माणसाला वाढतात. गाईडला कोणी तंगडी वाढत नाही, दादा. गाईडला मान मिळतो तो सहल संपल्यावर बसमध्ये टाळ्या वाजवतात तेवढाच. मी ती तंगडी खाल्ली आणि माझा निम्मा राग गेला. म्हणून आता बदकाला दोष द्यावा लागेल, कारण त्यानंतर ती म्हणाली, "मावशी, आज पंधरावी तिथी ना? मला माझूच्या देवळात जायचंय," आणि मी हो म्हटलं.

तुला लिहिलेलं पत्र तिने वाचलंय हे मला तिथे कळलं. आई देवळात असणार हे तिला माहीत होतं. मला भीती वाटत होती. आईला एकदम काही कळलं तर तिचं हृदय काय करेल? वाटेत मी दोनदा म्हटलं, "तिथे फार गर्दी असते." ती दोनदा म्हणाली, "चालेल."

आई नेहमीच्या खांबापाशी लाल प्लास्टिकच्या स्टुलावर बसली होती, मांडीवर संत्र्यांची पिशवी. तिला आता दोन हातांपलीकडचं धूसर दिसतं. तिथवर ती शेजारच्या बाईच्या रिक्षातून येते आणि मी पोचेपर्यंत थांबते, कारण तुकडे कसे पडले ते सांगायला कोणीतरी लागतं.

"आई, ही माझी पाहुणी. सिंगापूरहून आलीय."

"जेवलीस का, पोरी?"

"जेवले, आजी."

दादा, आईचा हात पिशवीवर होता तो तसाच थांबला. मी ते पाहिलं आणि बघितलंच नाही असं केलं.

"देवीला काही विचारायचंय तुला?"

"मला येत नाही. बाबा कधी देवळात नेत नाहीत."

"मग तो बाप काय कामाचा?" आई म्हणाली. "ये इकडे. गुडघे टेक. तुकडे दोन्ही हातांत धर, छातीशी. आधी नाव सांगायचं, मग जन्मतारीख, मग पत्ता. रस्ता, दुकानाची पाटी, मजला, सगळं. अर्धवट पत्त्यावर पोस्टमनसुद्धा येत नाही. आणि मोठ्याने सांग. इथे कलकलाट किती आहे, आणि देवी काही तुझ्या वयाची नाही."

ती गुडघ्यांवर बसली आणि वळून माझ्याकडे बघायला लागली. मी काय करणार होते? सहल ठरवताना ग्रेस लिम सांगता येतं, मला सांगता येतं, देवीला नाही. तिने देवीकडे बघितलं. उदबत्त्यांचा धूर डोळ्यांत जात होता, मागे बायका रांग लावून खोळंबल्या होत्या. एक तर म्हणालीसुद्धा, "आटप गं, आम्हालाही विचारायचंय."

मग ती म्हणाली, "माझं नाव च्वांग शु-निंग." आपलंच आडनाव. जन्मतारीख सांगितली. आणि एका दमात मनिला, रस्ता, हार्डवेअरच्या दुकानाची पाटी, वरचा मजला, जिन्याजवळचं दार. तो पत्ता इथे लिहीत नाही, तुला ठाऊक आहे आणि पाकिटावर आहेच.

आईने तिच्या पाठीवर हात ठेवला. म्हणाली, "शाब्बास. आता मला जरा पुढे होऊ दे, मग तू विचार."

आम्ही दोघींनी तिला धरून बसवलं. तिने तुझं नाव घेतलं, जन्मवेळ सांगितली, आणि मग तो पत्ता. एकदाच ऐकलेला, शब्दाला शब्द, कुठे न अडखळता. सकाळचं औषध घेतलं की नाही ते जिला आठवत नाही त्या बाईने. मी गळ्यात गाईडचा बिल्ला घालून मागे उभी होते आणि कुठे बघावं ते मला कळत नव्हतं.

तिने विचारलं, "मी ऑपरेशन करून घेऊ का?" तुकडे टाकले. एक उताणा, एक पालथा. मी म्हटलं, "होकार." दुसऱ्यांदा टाकले. पुन्हा होकार. महिनोन्महिने नुसती हसणारी देवी सरळ बोलायला लागली होती, आणि माझ्यासारख्या बाईच्याही अंगावर काटा आला. तिसऱ्या वेळी तुकडे घरंगळत शु-निंगच्या गुडघ्यांपाशी गेले.

"काय?" आईने विचारलं.

"होकार, आजी," शु-निंग म्हणाली आणि तुकडे उचलून घेतले.

आईने संत्र्यांची पिशवी चाचपून जवळ ओढली. मग म्हणाली, "बरं तर. पत्त्याचीच भानगड होती." निघताना तिने पिशवीतली दोन संत्री शु-निंगच्या हातावर ठेवली. "एक तुला. आणि एक देवळात न नेणाऱ्या तुझ्या बापाला." पोरगी रडत होती, तर तिला म्हणते, "धूर आहे गं इथे, माझेही डोळे झोंबतात."

स्टेशनवर शु-निंगने माझा हात धरला. "आत्या, मी तुम्हाला फसवलं."

"मला कुठे फसवलंस? लापशीवरच पकडली होती तुला."

तेव्हा तिने सांगितलं की तुला यातलं काही माहीत नाही. तुझ्या लेखी ती मैत्रिणींबरोबर सिंगापूरला गेली आहे. माझी पत्रं तू फाडत नाहीस, गल्ल्याखालच्या कप्प्यात ठेवतोस, हेही तिने सांगितलं. तेव्हा तू हेर पाठवलास म्हटलं ते मागे घेते. तिला रागावू नकोस. या घरात कोणीतरी पहिलं पाऊल टाकायला हवंच होतं, आणि आपण मोठी माणसं तर ढिम्म हललो नाही.

आणखी एक गोष्ट ती बोलून गेली आणि मग तिने जीभ चावली. तुझे कागद झालेले आहेत. बाबा गेले त्याच्या पुढच्याच वर्षी झाले. एवढी वर्षं तुला येता येत होतं.

यावर मला काही लिहायचं नाही. आईला मी सांगितलेलं नाही. ऑपरेशनची तारीख मिळाली आहे, नऊ एप्रिल. पाय दुखताहेत, इथेच थांबते.

आ-युन


छ्वानचौ, ४ एप्रिल

दादा,

आज पितरांचा दिवस, बाबांच्या थडग्यावरचं गवत कापायला गेले होते. सगळ्यांच्या थडग्यांपाशी चार-चार माणसं, मुलं, सुना, हातात विळे आणि फराळाचे डबे. मी एकटी. आईला चढण चढवत नाही. गवत कापून झाल्यावर तिथेच बसले, आणि मला बाबांपुढे खोटं मनात घेऊन बसवेना, म्हणून तुला लिहिते.

तिसरा कौल होकार नव्हता. दोन्ही तुकडे पालथे पडले होते. स्वच्छ नकार. शु-निंगने पाहिलं, मी पाहिलं. तिने आईकडे बघून "होकार" म्हटलं आणि मी गप्प बसले. जी पोर देवीला खोटं नाव सांगू शकली नाही तिने आजीला खोटं सांगितलं, आणि मी, जी रोज पाहुण्यांना कुठला दगड जुना आणि कुठला परवा बसवला हेही खरं खरं सांगते, खांबासारखी उभी राहिले.

मी कौल मानत नाही. तीस वर्षं त्याच देवळात पाहुण्यांना तो कसा लावतात ते दाखवते आहे, पण मानत नाही. तरी त्या दिवसापासून धड झोप नाही. आईला सांगितलं तर ती ऑपरेशन करणार नाही आणि हिवाळा काढणार नाही. सांगितलं नाही आणि टेबलावर काही झालं, तर मी आणि ती एवढीशी पोर हे जन्मभर कसं वागवणार? डॉक्टर म्हणतात, या वयात धोका आहेच.

तू थोरला आहेस. बाबा गेल्यापासून सगळं मी ठरवते. कुठला डॉक्टर, कुठली शवपेटी, भाताला पाणी किती. एवढं एकदा तू ठरव. आईला सांगू की नको? फोन कर. नंबर तोच आहे.

आ-युन


छ्वानचौ, १४ एप्रिल

दादा,

आई आहे. हे आधी लिहिते.

फोन आला नाही. पत्र वेळेत पोचलं नसेल असं मी स्वतःला सांगते आहे, आणि माझा त्यावर निम्मा विश्वास बसतो.

नऊ तारखेला सकाळी तिला न्यायला आले. तिचे दात काढून डब्यात ठेवले होते, केसांवर ती हिरवी टोपी, त्यामुळे ती अगदी लहान दिसत होती. मी ठरवलं होतं की काही बोलायचं नाही. गाडी हलवायच्या आधी तिने माझी बाही ओढली.

"आ-युन, तिसरा नकार होता ना?"

मी तिची टोपी सारखी करायला लागले.

"अगं, साठ वर्षं मी ते तुकडे टाकते आहे. उताणा पडलेला तुकडा जमिनीवर डुगडुगतो, त्याचा आवाज येतो. पालथा पडला की गप्प. त्या दिवशी तिसऱ्यांदा काहीच डुगडुगलं नाही. डोळे गेलेत माझे, कान नाही गेले."

"मग आई, तू इथे कशाला आलीस? तेव्हाच का नाही बोललीस? अजून वेळ आहे, मी डॉक्टरांना सांगते, आपण घरी जाऊ."

"गप बस. देवी नाही म्हणाली, नात हो म्हणाली. देवीला माझ्यासारख्या हजार म्हाताऱ्या आहेत. माझी नात एकच. पहिल्यांदा तिने माझ्यापाशी काही मागितलं, ते मी कसं मोडू?"

आणि मग त्या नर्सला म्हणाली, "चल बाई, ढकल. माझी मुलगी दिवसभर बोलतच राहील, तिचा तो धंदाच आहे."

मी बाहेर बाकावर बसले. शेजारच्या कुटुंबाने मला उकडलेलं अंडं दिलं. ते हातातच राहिलं. माझूला मी म्हणाले, शिक्षा करायची तर मला कर, पोरीला नको, तिला काय कळतं? मानत नाही म्हणणारी मी. संध्याकाळी डॉक्टर बाहेर आले आणि त्यांनी चष्मा काढला. मला वाटलं, संपलं. पण ते नुसते डोळे चोळत होते. म्हणाले, झडप बसली, म्हातारी चिवट आहे.

काल तिला साध्या वॉर्डात आणलं. आज तिने दोन चमचे पेज खाल्ली आणि पेज पातळ झाल्याबद्दल मला बोलली. म्हणून मला खात्री पटली की ती वाचली.

मग म्हणाली, "देवीचं मी ऐकलं नाही. आता तिची समजूत घालायला हवी. तिचा वाढदिवस येतोय. मला काही तेवढ्यात उठता येणार नाही. घरातलं कोणीतरी जाऊन चूक कबूल करायला हवी."

मी म्हटलं, "मी जाईन, आई. संत्री, नूडल्स, उदबत्त्या, सगळं नेते. नेहमी मीच नेते ना."

"खोटं बोलली ती पोर, तिला बोलाव. आणि तिच्या बापाला. त्याला लिही, मी फोनवर जे बोलले ते मी बोलायला नको होतं."

"तो यायचा नाही, आई. काही असेल तर मीच बघते. मला सवय आहे."

तिने मान वळवून माझ्याकडे बघितलं. तिला माझा चेहरा किती दिसत असेल कोण जाणे. मग म्हणाली, "तू नको. तू दमलीस."

दादा, हे मला आजवर कोणी म्हटलं नव्हतं. बाबा गेले तेव्हा नाही, त्यानंतर एवढ्या वर्षांत नाही. मी थर्मास भरायचं निमित्त काढून बाहेर गेले आणि त्या गरम पाण्याच्या नळाशी उभी राहून रडले. मागे थर्मास घेऊन रांग लागली होती. कोणी घाई केली नाही. परत आले तर ती झोपली होती, तोंड उघडं टाकून, आणि मी तिच्या पायांशी बसून हे लिहिते आहे.

देवीचा वाढदिवस एक मे रोजी आहे. शु-निंगला घेऊन ये. दादा, ये. मी खरंच दमले आहे.

आ-युन